पुशफिट जोडायच्या आधी पाइपचं तोंड असं तयार करा

गोव्यात डिचोलीच्या बाजारात आमचं हार्डवेअरचं दुकान आहे. वडिलांनंतर ते मी बघते, आणि पुशफिटची मागणी कशी वाढत गेली ते काउंटरवर उभं राहून पाहिलंय. पितळी कपलर (दोन पाइप सरळ जोडणारं), एल्बो (कोपऱ्याचं), टी (तीन तोंडांचं). पाइप आत ढकलला की जोड तयार. सोल्युशन (प्लास्टिकचा पाइप चिकटवायचा द्रव) नको, आग नको, पाना नको. साखळी-वाळपईकडची जुनी घरं, मांद्रे-मोरजीकडची गेस्ट हाउसं, सगळीकडचे लोक न्यायला येतात. त्यातले काही जण थोड्याच दिवसांत तेच फिटिंग पिशवीत घालून परत येतात. "ताई, फिटिंगच बाद गो." मी म्हणते, "असेल. पण ज्यावर बसवलं होतंस त्या पाइपचं तोंड आणलंयस का?"

नव्या फिटिंगमध्ये खोट निघतच नाही असं नाही. निघाली तर मी बदलून देते. पण टॉर्च मारून आत बघितलं की बहुतेक वेळा काळ्या रबरी रिंगेवर बारीक काप दिसतो, आणि तो पाइपच्या धारेनं पडलेला असतो. ह्या जोडाचं सगळं काम पाइप आत जायच्या आधी होतं. एकदा आत गेला की तुमच्या हातात काही उरत नाही. म्हणून पाइपच्या शेवटच्या दीड इंचाकडे जीव लावून बघायला शिका. त्यासाठीच हे सगळं लिहितेय.

गोव्यात पुशफिट इतकं उपयोगी पडतं त्याला कारण आहे. जून ते सप्टेंबर हवा अशी दमट असते की सोल्युशन नेहमीपेक्षा सावकाश सुकतं. त्यात टाकीखालचा जुना गेट व्हॉल्व्ह पूर्ण बंद होत नाही, पाइपमधून बारीक धार चालूच राहते, आणि ओल्या पाइपला सोल्युशन धरत नाही. चवथीच्या तोंडावर घर माणसांनी भरलेलं आणि न्हाणीघरातला पाइप फुटलेला, अशा वेळी पाणी ठिबकत असतानाही बसणारा जोड म्हणजे मोठा आधार. एवढंच लक्षात ठेवा की पाइप ओला असला तर चालतो, मळलेला असला तर चालत नाही.

आत काय असतं

गिऱ्हाइकाला दाखवायला मी एक फिटिंग करवतीनं उभं कापून काउंटरवर ठेवलंय. तोंडाशी प्लास्टिकची कडी असते. जोड सोडवताना हीच दाबायची. तिच्यामागे स्टीलची पातळ चकती, आतल्या बाजूला दात असलेली. दात आतल्या दिशेनं झुकलेले असतात, त्यामुळे पाइप आत सरकतो पण बाहेर येत नाही. त्यामागे ईपीडीएम रबराची ओ-रिंग. आणि सगळ्यात शेवटी पाइप जिथे टेकायला हवा ती पायरी.

पाइप धरून ठेवायचं काम दातांचं, पाणी अडवायचं काम ओ-रिंगेचं. रिंगेचं भोक पाइपच्या बाहेरच्या व्यासापेक्षा किंचित लहान असतं. पाइप तिला ताणत आत जातो आणि रबर पाइपला घट्ट बिलगून बसतं. पाइपची कड गुळगुळीत असेल तर रबर ताणलं जातं, कड धारदार असेल तर सोललं जातं. आणि रबर जिथे बिलगतं तिथे पाइपवर ओरखडा, रंग, वाळूचा कण असं काही असेल, तर पाण्याला वाट मिळते. तिसरी गोष्ट खोलीची. पाइप दातांनी धरला पण पायरीपर्यंत पोचलाच नाही, तर तो रिंगेत जेमतेम टेकलेला राहतो. त्या दिवशी गळत नाही. पुढे कधीतरी पंप सुरू होताना हलतो आणि सुटतो.

पुढे जे सगळं सांगणार आहे ते ह्या तीन गोष्टींसाठीच आहे.

आधी माप, मग खरेदी

निम्मे घोटाळे इथेच होतात. "अर्ध्या इंचाचं द्या" म्हणून लोक येतात, पण कशाचा अर्धा इंच? पुशफिट पाइपच्या बाहेरून बसतं, त्यामुळे त्याला बाहेरचा व्यास कळतो. पाइपच्या अंगावर काय छापलंय ह्याच्याशी त्याला देणंघेणं नाही.

सीपीव्हीसी पाइप, तो फिकट पिवळसर, ज्यावर आयएस १५७७८ हा भारतीय मानकाचा नंबर छापलेला असतो, अर्ध्या इंचात बाहेरून १५.९ मिलिमीटर भरतो. पाऊण इंच २२.२ आणि एक इंच २८.६. बाजारातली बरीचशी पितळी पुशफिट ह्याच मापाची असतात. पांढरा यूपीव्हीसी मात्र अर्ध्या इंचातच बाहेरून २१.३ मिलिमीटर असतो, जुना जीआय, म्हणजे जस्ताचा थर दिलेला लोखंडी पाइपही तेवढाच. हिरवा पीपीआर २० मिलिमीटरचा. तिघांपैकी एकही सीपीव्हीसीच्या फिटिंगमध्ये जाणार नाही. कानशीनं घासून घालायचा प्रयत्न करू नका. घासलेला पाइप गोल राहत नाही आणि त्याची भिंत पातळ होते.

ह्याहून फसवी मापं वेगळीच. आपल्याकडे बऱ्याच घरांतली माणसं इंग्लंडला आहेत, आणि सुट्टीला येताना तिकडची पुशफिट फिटिंग बॅगेतून आणतात. चांगला माल असतो. पण तिकडचा पाइप बाहेरून नेमका १५ मिलिमीटर, आणि आपल्या सीपीव्हीसीवरही '१५ मिमी' छापलेलं असतं, जो बाहेरून १५.९ आहे. आकडा तोच, पाइप वेगळा. जोर लावून घातला तर रबर गुंडाळलं जातं. तिकडचा २२ आणि आपला २२.२ इतके जवळ आहेत की हाताला फरकच कळत नाही. तरीही फिटिंगच्या डब्यावर ज्या मापाचा आणि ज्या जातीचा पाइप लिहिलाय तोच वापरा.

तांब्याचंही तसंच. एसीवाल्याकडून उरलेला 'अर्ध्या इंचाचा' तांब्याचा पाइप बाहेरून १२.७ मिलिमीटर असतो, कारण एसीवाले बाहेरचा व्यासच मोजतात. तो पाण्याच्या अर्ध्या इंचाच्या पुशफिटमध्ये घातलात तर सैल खेळतो.

म्हणून व्यास मोजायचा व्हर्नियर कॅलिपर घ्या. साधा स्टीलचाही पुरतो. पाइप दोन ठिकाणी मोजा, पहिल्यांदा जसा धरलाय तसा आणि मग पाव फेरा फिरवून. दोन्ही आकडे सारखे आले तर पाइप गोल आहे. गुंडाळीतून सोडलेला मऊ तांब्याचा पाइप बऱ्याचदा चपटलेला असतो. तो आधी गोल करायच्या साच्यातून काढावा लागतो, नाहीतर तेवढा भाग टाकून द्यावा लागतो. व्हर्नियर नसेल तर पाइपचा चार इंचाचा तुकडा कापून दुकानात घेऊन या, मी मोजून देते.

काप

काप पाइपच्या अंगाशी काटकोनात हवा. वाकडा काप दिला तर एक बाजू पायरीला टेकते आणि दुसरी अलीकडेच राहते. शिवाय वाकड्या कापाचं पुढे आलेलं टोक रिंगेला एकाच जागी खुपतं.

सरळ रेघ मारायची सोपी युक्ती: जुन्या कॅलेंडरच्या पानाची दोन बोटं रुंद पट्टी कापा, कड कारखान्यातली सरळ असलेली. ती पाइपभोवती गुंडाळा. पट्टीच्या कडा एकमेकींवर नेमक्या जुळल्या की ती रेघ काटकोनातच आहे. तिच्या कडेनं पेन्सिल फिरवा. प्लास्टिकच्या पाइपसाठी रॅचेट कटर चांगला, पण पातं धारदार हवं. बोथट पातं पाइपला कापण्याआधी दाबतं आणि तोंड चपटं करतं.

सीपीव्हीसीबद्दल एक गोष्ट मुद्दाम सांगते. गच्चीवरचा, वर्षानुवर्षं उन्हात तापलेला सीपीव्हीसी ठिसूळ होतो. त्यावर कटर दाबला की काप दिसायला साफ येतो, पण कापापासून मागे केसासारखी चीर गेलेली असते. ती उजेडात धरल्याशिवाय दिसत नाही. मी असे तुकडे खिडकीशी नेऊन बोटांमध्ये हळूहळू फिरवत बघते. एका विशिष्ट कोनात चीर चमकते आणि दुसऱ्या कोनात गायब होते. अशी चीर दिसली तर ती जिथे संपते त्याच्या पुढे आणखी दोन इंच सोडून पुन्हा कापा. उन्हातल्या जुन्या पाइपला कटर लावूच नका. बारीक दातांचं, इंचाला चोवीस किंवा बत्तीस दातांचं हॅक्सॉ ब्लेड घ्या आणि पाइपला आधार देऊन हलक्या हातानं कापा.

तांब्याला चाकाचा ट्यूब कटर. पाइपभोवती फिरवायचा, दर फेऱ्याला मूठ थोडीशीच आवळायची. घाईनं आवळली तर चाक कापत नाही, पाइप आत चेपतो. हॅक्सॉनं तांबं कापता येतं, पण मग कड साफ करायचं काम दुप्पट होतं.

कड

इथे वेळ द्या. सगळ्यात जास्त इथेच द्या.

कटरचं चाक तांबं कापताना ते आतल्या बाजूला ढकलतं. त्यामुळे पाइपच्या आतल्या कडेला एक वळ उभी राहते. करंगळी आत घालून बघू नका, पातळ धातू बोट कापतो. टॉर्च मारून बघा. ती वळ रायमरनं, म्हणजे आतली कड खरवडायच्या हत्यारानं, काढायची. तशीच ठेवली तर पाणी तिथे घुसळतं आणि पुढचं तांबं लवकर झिजतं. पण पुशफिटच्या जोडासाठी खरी महत्त्वाची आहे ती बाहेरची कड. चाकानं कापलेल्या पाइपला बाहेरूनही अगदी बारीक ओठ येतो, डोळ्यांना दिसेल न दिसेल इतका. ओ-रिंग सोलतो तो हाच ओठ.

तो काढायला डिबरिंगचं छोटं हत्यार मिळतं, पेनाएवढं, पुढे वळलेलं पातं असलेलं. नसेल तर बारीक कानस. कानस पाइपच्या तोंडाला टेकवून थोडी तिरकी धरा आणि गोल गोल फिरवा, म्हणजे बाहेरची धार मोडून तिथे छोटा उतार होतो. सीपीव्हीसीला हा उतार जरा ठळक असू द्या, दहा-पंधरा अंशांचा. उतार सगळीकडून सारखा हवा. मग दोनशेवीस नंबरचा किंवा त्याहून बारीक पॉलिश पेपर घेऊन कड एकदा पुसून घ्या.

पॉलिश पेपरची दिशा सांभाळा. पाइपच्या अंगावर तो पाइपभोवती गोल फिरवायचा, लांबीच्या दिशेनं कधीही नाही. गोल ओरखडा ओ-रिंगेला समांतर असतो. पाणी त्यात फिरलं तरी बाहेर पडू शकत नाही. लांबीच्या दिशेचा ओरखडा रिंगेच्या खालून सरळ बाहेर जातो. परत आलेल्या पाइपांवर असा ओरखडा मी कितीदा तरी पाहिलाय. पाइप चिऱ्याच्या भिंतीतल्या खाचेतून खरवडत ओढला की नेमका तसाच पडतो. आपला चिरा म्हणजे लोहाचे खडे असलेला दगड, पाइपला तो सोडत नाही. पाइप खाचेतून ओढायचाच असेल तर टोकाला प्लास्टिकची पिशवी गुंडाळून चिकटपट्टी लावा आणि जोडायच्या क्षणीच काढा.

कड झाली की नखाची परीक्षा घ्या. अंगठ्याचं नख पाइपच्या तोंडाकडून मागे, लांबीच्या दिशेनं ओढा. मग पाइप थोडा फिरवून पुन्हा. असं पूर्ण गोल. नख कुठे अडकलं तर तिथे रबरही अडकणार. मग नख आडवं धरून पाइपभोवती फिरवा. ह्यात लांबीचे ओरखडे लागतात. डोळ्यांपेक्षा नख खरं बोलतं. दुकानात शिकायला येणाऱ्या मुलांना मी आधी हेच करायला लावते, डोळे मिटून. मये गावचा एक मुलगा आता डोळे मिटून सांगतो की कापताना पातं बोथट होतं की नाही.

किनाऱ्यालगतच्या घरांत तांब्याच्या पाइपवर खाऱ्या हवेनं हिरवा कळंक चढतो. तो पॉलिश पेपरनं गोल घासून तांबं लख्ख करा. खाली बारीक खड्डे पडलेले दिसले तर तो भाग सोडून मागे कापा. खड्डे घासून जात नाहीत, आणि रबर खड्ड्यात उतरत नाही. जुना डागकामाचा शिसं-कथिलाचा थर पाइपवर असेल, रंगाचा ओघळ असेल, चिकटलेला स्टिकर असेल, तेही सगळं काढायचं. सीपीव्हीसीवर जुन्या सोल्युशनचा थर असेल तर घासत बसू नका, तो भाग कापूनच टाका. सोल्युशननं पाइपचा पृष्ठभाग विरघळून उंचसखल झालेला असतो.

पेक्स, म्हणजे वाकणाऱ्या प्लास्टिकच्या पाइपला कड घासायची गरज जवळजवळ नसते. धारदार कटरनं सरळ कापला की तोंड साफ येतं. पण तो मऊ असतो, म्हणून त्याच्या आत आधाराचं इन्सर्ट लागतं. काही फिटिंगमध्ये ते आतच बसवलेलं असतं, काहींबरोबर वेगळं मिळतं. वेगळं असेल तर ते पाइपमध्ये पूर्ण बसवल्याशिवाय ढकलू नका, नाहीतर ओ-रिंगेच्या दाबानं पाइपच आत दबतो.

शेवटी पुसणं. डिचोली-साखळीच्या पट्ट्यात खाणींची लाल धूळ आणि पावसाळ्यात लाल चिखल, समुद्राकडे वाळू. दोन्ही रबराची वैरी. पाइपचं तोंड आतून-बाहेरून स्वच्छ ओल्या सुती फडक्यानं पुसा, मग कोरड्यानं. कापताना पडलेला प्लास्टिकचा भुसा पाइपच्या आत राहिला तर तो पुढे नळाच्या जाळीत आणि गीझरच्या व्हॉल्व्हमध्ये जाऊन अडकतो. फिटिंगचं तोंडही बघा. जोडेपर्यंत ते पिशवीतच असू द्या, खिशात किंवा जमिनीवर ठेवू नका.

खूण आणि ढकलणं

व्हर्नियरच्या मागून जी बारीक पट्टी बाहेर येते ती खोली मोजायला असते. ती फिटिंगच्या तोंडातून आत घाला, पायरीला टेकेपर्यंत. मिळालेलं माप पाइपवर मोजून मार्करनं खूण करा. अर्ध्या इंचाच्या फिटिंगमध्ये ते साधारण एक इंचाच्या आसपास भरतं, मोठ्या मापाला वाढत जातं. प्रत्येक कंपनीचं वेगळं असतं, म्हणून एकाचं माप दुसऱ्याला लावू नका. खूण पाइपभोवती गोल करा. एका बाजूची छोटी रेघ ढकलताना खाली जाते आणि मग दिसत नाही.

रबराला काही लावायचं नाही. कारखान्यातून येतानाच त्याला योग्य ते वंगण लावलेलं असतं. घरात खोबरेल तेल हाताशी असतं, गॅरेजमध्ये ग्रीस असतं, म्हणून लावलं जातं, आणि ईपीडीएम रबराचं तेलाशी जमत नाही. तेलानं ते फुगतं, मऊ पडतं, काही महिन्यांत आकार सोडतं. अगदीच घट्ट वाटलं तर पाइपचं तोंड स्वच्छ पाण्यात बुडवा. टेफ्लॉन टेप गुंडाळू नका, एमसील थापू नका. टेपची सुरकुती म्हणजे पाण्याला बोगदा.

आता पाइप आणि फिटिंग एका सरळ रेषेत धरा आणि किंचित फिरवत ढकला. हाताला आधी दातांचा अडथळा लागतो, मग रबराचा जड, लवचीक अडथळा, आणि मग टणक टेकल्याचं जाणवतं. पुष्कळ जण रबराच्या अडथळ्यालाच शेवट समजून थांबतात. खूण बघा. ती कडीच्या तोंडाशी आली तरच पाइप पोचला. अर्धा सेंटिमीटर बाहेर दिसत असेल तर आणखी जोर लावा. मग उलटं ओढून बघा. एखादा मिलिमीटर मागे येईल आणि दात पकडतील. पाइप फिटिंगमध्ये गोल फिरतो म्हणून घाबरू नका, ह्या जोडात तो फिरतोच.

भिंतीतला पाइप

चिऱ्याच्या भिंतीत खाच मारून बसवलेला पाइप लांबीच्या दिशेनं हलत नाही, त्यामुळे मधला तुकडा कापला तर साधं कपलर दोन्ही टोकांवर चढवताच येत नाही. तिथे स्लिप कपलर लागतं, ज्याला एका बाजूनं पायरी नसते. ते एका टोकावर जास्त खोल सरकवायचं, दुसरं टोक समोर आणायचं, आणि मग सोडवायच्या क्लिपनं कडी दाबून धरत परत सरकवायचं. म्हणजे ज्या टोकावर ते आधी खोल सरकवलं तिथला जास्तीचा भागही तितकाच साफ, तितकाच ओरखडेविरहित हवा. ह्यासाठी दोन्ही टोकांभोवतीचा चुना-सिमेंट निदान तीन इंच मागेपर्यंत उकरा, पाइप सगळीकडून मोकळा करा, आणि छिन्नीचा घाव पाइपला लागला नाही ना, ते आरशाचा तुकडा मागे धरून बघा. भिंतीला लागून असलेली पाइपची मागची बाजू कुणी साफ करत नाही, आणि गळतं तिथूनच.

जोड पुन्हा सिमेंटमध्ये पुरू नका. छोटं झाकण ठेवा. पुरायचाच असेल तर कंपनीची परवानगी आहे का ते वाचा आणि फिटिंगभोवती सिलिकॉनची टेप गुंडाळून मगच बुजवा.

आणखी एक, जुन्या घरांसाठी. काही ठिकाणी अर्थिंगची तार पाण्याच्या लोखंडी किंवा तांब्याच्या पाइपला बांधलेली असते. त्या पाइपचा तुकडा काढून मधे पुशफिट किंवा प्लास्टिक आलं की अर्थिंग तुटू शकतं. अशी तार दिसली तर काम थांबवा, वायरमनला बोलवा. पाइप कापायच्या आधी गीझरचा एमसीबी (मीटरबोर्डावरचा विजेचा स्विच) पाडलेला असावा हे तर झालंच. आणि सोलरच्या पॅनेलला लागून पुशफिट लावू नका. वापर नसताना तिथलं पाणी फिटिंगच्या मर्यादेपलीकडे तापू शकतं.

तपासणी

व्हॉल्व्ह हळू उघडा. जोडाखाली कोरडा टिश्यू किंवा वर्तमानपत्राचा तुकडा ठेवा. थेंब पडायच्या आधी कागद डाग दाखवतो. प्रेशर पंप असेल तर पंप चालू ठेवून बघा, आणि नंतर पंप बंद करून नुसत्या टाकीच्या पाण्यावरही बघा. दुसरी तपासणी बहुतेक जण करत नाहीत. दहा मीटर उंचीच्या पाण्याचा दाब साधारण एक बार, म्हणजे चार मीटर वरच्या टाकीचा जेमतेम ०.४. जास्त दाबाखाली पाणीच ओ-रिंगेला पाइपवर दाबून धरतं. कमी दाबात ती मदत कमी होते, आणि बारीक ओरखडा असेल तर तेव्हाच झिरपतं. म्हणून कागद रात्रभर राहू द्या.

थोडं आरओ आणि सांडपाण्याबद्दल

आरओच्या पाव इंची नळीलाही हेच नियम, फक्त लहान प्रमाणात. ती कात्रीनं कापू नका. कात्री नळी चिमटते आणि तोंड लंबगोल होतं. नवं पातं घेऊन, नळी लाकडावर ठेवून सरळ कापा. साधारण दीड सेंटिमीटर आत गेली पाहिजे, आणि वरची लॉकची क्लिप बसवायला विसरू नका.

सांडपाण्याच्या एसडब्ल्यूआर रिंगफिट (रबरी रिंगेवर जोडायच्या) पाइपची पद्धत दोन बाबतींत उलटी आहे, आणि दोन्ही कामं एकाच दिवशी करणारे तिथे गोंधळतात. तिथे रबराला कंपनीचं वंगण किंवा साबणाचं पाणी लावायचंच असतं. आणि पाइप पूर्ण आत ढकलून, खूण करून, मग एक सेंटिमीटर मागे ओढायचा असतो, उन्हात पाइप वाढायला जागा म्हणून. पिण्याच्या पाण्याच्या पुशफिटमध्ये असा मागे ओढून ठेवायचा नाही, पकड बघायला ओढायचा तेवढाच. कडेचा उतार मात्र तिथेही पंधरा अंशांचाच, सगळीकडून सारखा.

जोड सोडवून पुन्हा वापरताना

कडी सगळीकडून सारखी दाबली की पाइप बाहेर येतो. पाणी बंद करून, दाब सोडूनच हे करा. बाहेर आलेल्या पाइपवर दातांच्या बारीक खुणा दिसतील, बऱ्याचदा गोल, आणि ओढताना जोर लागला असेल तर लांबीच्या दिशेनंही. तेच टोक पुन्हा घालू नका. खुणांच्या मागे कापा आणि काप, कड, नख, पुसणं सगळं पहिल्यापासून. फिटिंगची ओ-रिंग टॉर्चनं बघा, जागेवर आहे का, कुठे सोललीय का, वळलीय का. दात वाकले असतील तर ते फिटिंग पाण्याच्या कामातून काढून टाका. आणि पुन्हा कापल्यानं पाइप आखूड पडत असेल तर त्याला ताणून पोचवू नका. दोन कपलर आणि मधे नवा तुकडा घ्या; चार टोकं साफ करावी लागतील, पण जोडावर ताण राहणार नाही.